घानात भाषांची नोंद करताना

घानात एखाद्याला "तुमची भाषा कोणती?" असं विचारलं, तर विचारणारा कोण आणि तो कोणत्या भाषेत विचारतोय यावर उत्तर ठरतं. इंग्रजीत विचारलं की माणूस एखाद्या मोठ्या गटाचं नाव सांगून मोकळा होतो; परक्याला तेवढंच ठाऊक असणार, असं तो धरून चालतो. एवे या पूर्व घानातल्या मोठ्या भाषेत विचारलं तर बहुधा गावाचं नाव येतं. आणि त्याच्याच भाषेत कुणी विचारलं, तरच भाषेचं घरातलं नाव ऐकायला मिळतं. पूर्व घानात, टोगोच्या हद्दीलगतच्या डोंगरांतल्या गावांमध्ये आम्ही शब्दसंग्रह आणि भाषावापराची पाहणी करत आलो आहोत. ते काम कसं करतो, कुठे अडतं आणि का अडतं, हे इथे मांडतो. भाषाशास्त्र शिकणाऱ्या मराठी मुलामुलींना त्यातलं पुष्कळसं इतरत्रही वापरता येईल.

आधी थोडी पार्श्वभूमी. मोजायची रीत बदलली की घानातल्या भाषांची संख्या पन्नास ते ऐंशीच्या दरम्यान कुठेही निघते. कारभार इंग्रजीत चालतो. शाळा आणि पाठ्यपुस्तकांसाठी सरकारी पाठबळ आहे ते ११ नावांना: अकुआपेम त्वी, असांते त्वी, फांते, एवे, गा, दांगमे, दागबानी, दागारे, गोंजा, कासेम आणि न्झेमा. यांतली पहिली तिन्ही एकाच अकान भाषेची रूपं आहेत आणि बोलणाऱ्यांना एकमेकांचं कळतं. तरी त्यांचं लेखन वेगवेगळं वाढलं, आणि १९७८ साली एकत्रित लेखनपद्धती ठरल्यावरही फांते माणूस फांतेच राहिला. २०२१ च्या जनगणनेत अकान ४५.७ टक्के, मोले-दागबानी १८.५, एवे १२.८ आणि गा-दांगमे ७.१ असे आकडे आले. हे आकडे वांशिक गटांचे आहेत. भाषकांची संख्या म्हणून ते सर्रास वापरले जातात, आणि चुकीची सुरुवात तिथेच होते.

डोंगरातल्या भाषांचं यात काय होतं ते बघा. आवातिमे, न्याग्बो, ताफी आणि लोग्बा या चार वेगळ्या भाषा. जुन्या जनगणनांच्या संकेतयादीत त्या एका ओळीत, एका आकड्याखाली, आणि त्याही 'ग्वान' या मोठ्या गटात बसवलेल्या. ग्वान हा गोंजा, एफुतू, लार्ते, न्कोन्या यांचा खराखुरा भाषासमूह आहे; डोंगरातल्या या भाषांना अभ्यासक त्यात धरत नाहीत. जर्मन संशोधकांनी त्यांना 'टोगोच्या उरलेल्या भाषा' म्हटलं होतं. हे नाव आम्हाला कधीच पटलं नाही. कुणाचीही भाषा उरलीसुरली नसते. आता घाना-टोगो पर्वतभाषा म्हणतात. दोन्ही देश मिळून त्या चौदा-पंधरा भरतात.

त्यामुळे आमच्या नोंदवहीत नावाचे दोन रकाने असतात: बाहेरचे लोक वापरतात ते नाव, आणि स्वतःचं. बाहेरून 'लिक्पे', आतून सेक्पेले. बाहेरून 'सांत्रोकोफी', आतून सेलेऽ, शेवटचा स्वर लांबवून, कारण स्वराची लांबी चुकली की गावकरी लगेच दुरुस्त करतात. 'लोग्बा' म्हणजे इक्पाना, 'न्याग्बो' म्हणजे तुत्रुग्बू, 'बुएम' म्हणजे लेलेमी. अक्पाफू लोकांकडे याचं सूत्र फार स्वच्छ दिसतं. धातू एकच, पुढचा उपसर्ग बदलतो: कावू म्हणजे प्रदेश, मावू म्हणजे माणसं, सिवू म्हणजे भाषा. उत्तरेत दागबोन प्रदेश, दागबाम्बा माणसं आणि दागबानी भाषा असं आहे, फक्त तिथे शब्दाची शेपटी बदलते. नवख्या माणसाच्या वहीत 'मावू भाषा' अशी नोंद सापडते, ती यामुळेच. प्रश्न विचारताना बोट माणसाकडे असतं, मग उत्तरही माणसांचंच मिळतं.

गावात शिरायचं ते मुखियाकडून. एवे भागात त्याला तोग्बे म्हणतात, अकान भागात नाना, गा लोकांत नी. त्याच्याशी थेट बोलायचं नसतं. मध्ये त्याचा प्रवक्ता असतो, एवेत त्सियामी, त्वीत ऑच्यामे. आपलं म्हणणं त्याला सांगायचं, तो ते पुढे नेतो, मुखिया समोरच बसून सगळं ऐकत असला तरी. आधी पाणी येतं, मग येण्याचं कारण विचारलं जातं. पाणी यायच्या आत कामाचं बोलायला सुरुवात केली तर तो उतावळेपणा ठरतो. दक्षिणेत श्नॅप्स या दारूची बाटली द्यायची रीत आहे, उत्तरेत कोलाची फळं. देताना उजवा हात. डाव्या हाताने काही देणं किंवा हातवारे करणं तिथेही अपमानाचंच, हे मराठी माणसाला वेगळं सांगायला नको. कारण सांगताना 'संशोधन' असं मोघम बोलू नये. कुणाचा आवाज घेणार, तो कुठे ठेवणार, गावाला त्याची प्रत कशी मिळणार, एवढं सगळं तिथेच सांगायचं.

दिवस ठरवताना बाजाराचा वार आधी विचारून घ्यावा, त्या दिवशी गाव रिकामं असतं. शनिवार अंत्यविधींचा, रविवार चर्चचा. कित्येक गावांत एक वार शेतात जायला मनाई असते. तो वार कळला की कामाचं निम्मं गणित सुटतं, कारण जाणती माणसं त्या दिवशी निवांत घरी असतात.

आता प्रश्नावली. वांशिक ओळखीचा प्रश्न आम्ही सगळ्यात शेवटी ठेवतो. तो आधी विचारला, की पुढची सगळी उत्तरं माणूस त्या ओळखीला साजेशी देऊ लागतो: "मी आवातिमे, म्हणजे घरात आवातिमेच बोलतो," असं म्हणतो, आणि तेवढ्यात नातवंडाला एवेत हाक मारतो. म्हणून क्रम असा: लहानपणी पहिल्यांदा कोणती भाषा बोललात, आईची कोणती, वडिलांची कोणती, आज नवऱ्याशी किंवा बायकोशी, मुलांशी, भावंडांशी काय बोलता, बाजारात काय, प्रार्थना कशात करता, भाव कशात मोजता. हे शेवटचे दोन प्रश्न हटकून वेगळी उत्तरं देतात. या डोंगरांत चर्च आणि शाळा दीर्घकाळ एवेतून चालल्या. ब्रेमेन मिशन या जर्मन मिशनने एवे लिखित केली, अमेजोफे हे त्यांचं इथलं मोठं ठाणं. त्यामुळे प्रार्थना एवेत, भाव आणि फोनचे आकडे इंग्रजीत, आणि भांडण स्वतःच्या भाषेत, असं एकाच माणसाच्या तोंडी सापडतं. पर्यायांची यादी वाचून दाखवायची नाही. यादी वाचली की लोक यादीतलंच नाव निवडतात, आणि छोटी भाषा तिथल्या तिथे कागदावरून गायब होते.

'होमटाउन' हा घानातल्या प्रत्येक अर्जावरचा रकाना. त्याचा अर्थ जन्मगाव असा घेतला तर सगळी पाहणी वाया जाते. राजधानी आक्रात जन्मलेली, आक्रातच वाढलेली मुलगी होमटाउन म्हणून जे गाव सांगते ते तिच्या कुळाचं गाव असतं; तिथे ती कधीमधी अंत्यविधीला गेली असेल तेवढंच. आपल्याकडे 'मूळ गाव' विचारतात, तसंच ते. जन्माचं ठिकाण, वाढलेलं ठिकाण आणि होमटाउन असे तीन वेगळे प्रश्न हवेत.

कुळाची गोष्ट त्याहून अवघड. अकान लोकांत वंश आईकडून चालतो. मूल आईच्या अबुसुआत, म्हणजे कुळात जन्मतं. ओयोको, ब्रेतुओ, अगोना, असोना, अदुआना, एकुओना, असाचिरी, असेने अशी आठ कुळं सांगतात. एवे लोकांत वंश बापाकडून. म्हणजे बाप एवे आणि आई असांते असेल, तर दोन्ही बाजू मूल आपलं म्हणतात. उलट असेल, बाप असांते आणि आई एवे, तर नियमाने कुठलीच बाजू त्याला पुरतं आपलं म्हणत नाही. अर्जावर मात्र एकच चौकट. आम्ही अशा ठिकाणी चौकट रिकामी ठेवून आईचं कुळ, बापाचं कुळ आणि माणसाचं स्वतःचं उत्तर अशा तीन ओळी लिहितो. आकडेमोड करणाऱ्याला ते गैरसोयीचं जातं, पण माणूस आहे तसा कागदावर उतरायला हवा.

नावावरून तर काहीच ताडू नये. कोफी म्हणजे शुक्रवारी जन्मलेला मुलगा, आमा म्हणजे शनिवारी जन्मलेली मुलगी, ही वारावरून नाव ठेवायची रीत मुळात अकान. पण एवेंनी ती कधीच आपली केली आहे आणि डोंगरांतही ती रुळली आहे. काही रूपं मात्र खूण देतात: मंगळवारचा मुलगा त्वीत क्वाबेना, एवेत कोमला. तरी ती खूण जन्माच्या वेळी नाव कुणी ठेवलं याची असते, भाषेची नाही. घानाचे पहिले अध्यक्ष क्वामे न्क्रुमा यांचं 'क्वामे' अकान ऐकू येतं, पण ते न्झेमा होते.

शब्दसंग्रहाला आम्ही मूलभूत दोनशे शब्दांच्या स्वादेश यादीपासून सुरुवात करतो आणि जम बसला तर आफ्रिकेसाठी केलेल्या सतराशे शब्दांच्या तौलनिक यादीकडे जातो. दोनशेच्या यादीतले 'हिम', 'बर्फ', 'गोठणे' हे शब्द आधीच काढायचे. त्यांच्या जागी याम, पामतेल, कसावा, भात घालायचे. आवातिमे आणि अक्पाफू भाग जुन्या भातशेतीसाठी ओळखला जातो, म्हणून इंग्रजी 'राइस' एकदा विचारून पुढे जाऊ नये. उभं पीक, लोंबी, साळ, कोंडा, तांदूळ, शिजलेला भात हे प्रत्येक वेगळं, शक्यतो वस्तू हातात धरून विचारावं. कोकणातल्या माणसाला हे आपोआप सुचतं. इंग्रजी यादी समोर ठेवून बसलेल्याला सुचत नाही.

प्रत्येक नामाचं एकवचन आणि अनेकवचन दोन्ही घ्यायचं. एवेत काम सोपं: आमे म्हणजे माणूस, आमेवो म्हणजे माणसं. त्वीत शब्दाचं तोंडच बदलतं: अबोफ्रा मूल, म्मोफ्रा मुलं. डोंगरातल्या भाषांमध्ये नामांचे वर्ग असतात आणि उपसर्ग बदलला की विशेषण, संख्या, दर्शक शब्द यांवरही परिणाम होऊ शकतो. म्हणून नुसती जोडी पुरत नाही. 'हा एक', 'हे तीन', 'मोठा' असे तुकडेही घ्यायचे. हे राहिलं तर परत गावाला यावं लागतं. कारण घरी बसून वर्ग ठरवायला जावं, तर दोन वर्गांचं एकवचन सारखं आणि अनेकवचन वेगळं निघतं.

मधली भाषा एवे ठेवली की उत्तरांत एवे शब्द येऊ लागतात, हा सगळ्यात मोठा धोका. एवेत शब्द ऐकला की सांगणाऱ्याच्या ओठांवर तोच आधी येतो. उपाय दोन. चित्र किंवा वस्तू दाखवून विचारायचं, आणि दोन जाणत्या माणसांना एकत्र बसवायचं, म्हणजे एकाने एवे शब्द दिला की दुसरा हटकतो. पण उसना शब्द खोडायचा नाही. आज लोक तोच वापरत असतील तर तो त्यांचाच आहे. बाजूला खूण करून ठेवायचा.

आता आवाज. मराठी कानाला इथे तीन ठिकाणी विशेष सराव लागतो.

पहिला क्प आणि ग्ब. एवेत 'धन्यवाद' म्हणजे अक्पे, तेव्हा हा आवाज पहिल्याच दिवशी लागतो. आपण आधी क् आणि मग प् म्हणतो. तिथे जिभेची मागची बाजू टाळूला आणि ओठ एकमेकांना एकाच वेळी लागतात आणि सुटतातही जवळपास एकत्रच. ध्वनिमुद्रण नुसतं ऐकून तो कित्येकदा प वाटतो. दुसरा एवेतल्या दोन 'व'चा फरक. लोकांचं नाव जे 'एवे', त्यातला व दोन्ही ओठ जवळ आणून, दातांचा स्पर्श न करता घासत काढतात. 'दोन' या अर्थाच्या 'एवे'त वरचे दात खालच्या ओठाला लागतात. लिपीत त्यांना वेगळी अक्षरं आहेत. आपला व या दोन्हींच्या मधला, त्यामुळे दोन्ही सारखेच ऐकू येतात. यावर उपाय कानाचा नाही, डोळ्यांचा: चेहऱ्यासमोर कॅमेरा लावून ओठांचं चित्रण घ्यायचं. फ-चीही अशीच जोडी आहे.

तिसरा सूर. त्वीत 'पापा'तली दोन्ही अक्षरं उंच सुरात म्हटली की 'चांगलं', पहिलं खाली दुसरं वर म्हटलं की 'वडील', दोन्ही खाली ठेवली की 'पंखा'. लिहिताना सूर दाखवत नाहीत. स्वरांचीही तीच गत: त्वीत लिहायला सात अक्षरं, उच्चारात स्वर किमान नऊ. ऑ आणि ॲ ही आपली अक्षरं टिपणं काढताना उपयोगी पडतात, पण पक्क्या नोंदीसाठी आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपीच वापरावी.

सूर टिपताना हमखास होणारी गडबड अशी. सांगणारा शब्द तीनदा म्हणतो आणि तिसऱ्यांदा यादी संपल्यासारखा आवाज खाली टाकतो. तो उतार शब्दाचा समजून नोंदला जातो. म्हणून तीनपैकी मधला उच्चार धरायचा, आणि नंतर तोच शब्द एका ठरलेल्या वाक्यात बसवून घ्यायचा, म्हणजे 'मी ___ पाहतो' आणि '___ हरवलं' अशा दोन चौकटींत. पहिल्या चौकटीत शब्दाच्या आधीचा सूर उंच, दुसरीत शब्द वाक्याच्या तोंडाशी, असं निवडलं की शेजारच्या सुराचा परिणाम वेगळा काढता येतो. तरीही शंका राहिली तर सांगणाऱ्याला शब्द शीळ घालून म्हणायला सांगावं. स्वर-व्यंजनं गळून जातात, सूर उरतो. बहुतेकांना ते सहज जमतं.

यंत्रसामग्री साधी असली तरी चालते, फक्त ध्वनिमुद्रण वेव्ह फाइलमध्ये, ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटवर करायचं. एमपीथ्री कधीच नाही, कारण ती आवाजाचे बारकावे कायमचे फेकून देते. डोक्याला लावायचा मायक्रोफोन ओठांच्या कोपऱ्यापासून दोनतीन बोटांवर, समोर नाही. समोर ठेवला तर क्प आणि प यांचा फुत्कार थेट आदळतो. प्राट या संगणक प्रणालीत सुराची पट्टी पुरुषांसाठी ७५ ते ३०० हर्ट्झ, बायकांसाठी १०० ते ५०० ठेवली तर रेषा उगाच उड्या मारत नाही. प्रत्येक भाषेचे किमान दोन पुरुष आणि दोन बायका घ्याव्यात, एकाच पिढीतले नकोत. पत्र्याच्या छपरावर पाऊस सुरू झाला की काम थांबवायचं, त्यातून काही वाचत नाही. डिसेंबर ते फेब्रुवारीत हरमाटान वाऱ्याची बारीक धूळ यंत्रात शिरते, तेव्हा काम झाल्याबरोबर सगळं बंद पिशवीत. वीज जाण्यायेण्याला तिथे 'दुमसॉर' म्हणतात. बॅटऱ्यांचे जादा जोड नसतील तर दिवस गेलाच. प्रती तीन, आणि त्यातली एक गावाबाहेर.

संमती कागदावर सहीने घेतो, पण खरी संमती आवाजात, सांगणाऱ्याच्या भाषेत. काय समजलं ते त्याने स्वतःच्या शब्दांत सांगायचं. त्यातून किती पोहोचलं तेही कळतं.

शब्दयादीत जे कधीच सापडत नाही त्याबद्दल थोडं जास्त लिहावंसं वाटतं. सिवू भाषेत अनुभवाचं चित्र उभं करणारे शब्द फार. मुकुमुकु म्हणजे दात नसलेल्या माणसाची खाताना होणारी तोंडाची हालचाल. यूआयूआ म्हणजे जळजळ. मराठीला हे मुळीच नवं नाही. बुळबुळीत, चुरचुर, लुकलुक आपण दिवसभर वापरतो. युरोपी भाषांतून आलेल्या यादीत या शब्दांना रकानाच नाही, म्हणून ते वगळले जातात आणि मग भाषा गरीब दिसते. ते 'सांगा' म्हणून निघत नाहीत. तांदूळ कांडताना, तेल काढताना, गप्पा मारताना चित्रण चालू ठेवावं लागतं, कारण शब्दासोबत हातही बोलतो. एक शब्द मिळाला की तो दोघातिघांना वेगवेगळं भेटून समजावून सांगायला लावायचा. सगळ्यांनी तोच हावभाव केला की अर्थ पक्का.

हाताचा विषय निघालाच आहे, तर खुणांच्या भाषाही नोंदीत हव्यात. अबुरीजवळच्या अदामोरोबे गावात आनुवंशिक बहिरेपणामुळे फार पूर्वीपासून स्वतंत्र खूणभाषा नांदते आहे. १९५७ साली अँड्र्यू फॉस्टर यांनी बहिऱ्या मुलांसाठी शाळा सुरू केली, तिच्यातून वाढलेल्या घानाच्या खूणभाषेचं मूळ अमेरिकी आहे. दोन्ही एकच समजून लिहिणारे अजून भेटतात.

काही प्रश्न भाषेच्या पाहणीत विचारायचेच नाहीत. "इथे आधी कोण आलं?" हा त्यातला पहिला. आधी आलेल्याचा जमिनीवर हक्क, असं समीकरण असल्यामुळे हे उत्तर कोर्टात आणि त्याहून वाईट ठिकाणी जाऊ शकतं. १९९४ साली उत्तरेत कोंकोम्बा एकीकडे आणि नानुम्बा, दागोम्बा, गोंजा दुसरीकडे असा भीषण संघर्ष झाला; मुळाशी जमीन आणि मुखियापदच होतं. डोंगरांतही ओळखीचं राजकारण थंड नाही. २०२० च्या निवडणुकीत सांत्रोकोफी, अक्पाफू, लिक्पे आणि लोलोबी इथल्या लोकांना खासदार निवडताच आला नाही, कारण प्रांत बदलला आणि मतदारसंघ त्यांच्यासोबत आला नाही. पुढे २०२४ साली मतदारसंघ झाला, त्याचं नाव ग्वान. भाषाशास्त्र काहीही म्हणो, त्या नावामागे लोकांनी सोसलेलं आहे. म्हणून 'तुम्ही ग्वान नाही' असं गावात बसून समजावणं हा उद्धटपणा होईल. वहीत भाषेचं वर्गीकरण एका रकान्यात, लोक स्वतःला काय म्हणवतात ते दुसऱ्यात, आणि एकावरून दुसरं दुरुस्त करायचं नाही.

शेवटचा टप्पा गावाला परत देण्याचा. ध्वनिफिती पेनड्राइव्हवर शाळेला आणि मुखियाकडे, शब्दसंग्रहाची छोटी छापील पुस्तिका घरोघरी. छपाईआधी कच्ची प्रत मोठ्या अक्षरांत काढून बैठकीत वाचून घेतो; दुरुस्त्या पेनाने तिथल्या तिथे. सर्वांत जास्त वाद मुखपृष्ठावरच्या नावावर होतो, आणि तो होऊ द्यावा. सिवू ही अक्पाफू आणि लोलोबी दोघांची भाषा, पण ते स्वतःला दोन समाज मानतात. एका बाजूच्या उच्चारानुसार शब्द छापले तर दुसरी बाजू पुस्तिका हातात घेत नाही. दोन्हीकडचे उच्चार शेजारी-शेजारी छापायचे, आणि दोन्हीकडची माणसं आल्याशिवाय ती बैठक सुरूच करायची नाही.